दाराबाहेरच्या चपला

ती घटना आठवली की आजही मला खुर्चीत नीट बसवत नाही. उठतो, अंगणात दोन चकरा मारतो, पुन्हा येऊन बसतो. बायको म्हणते, "झालं तुमचं सुरू." नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले, दंगलीत डोकं फोडून घेतलं. त्यातलं काही आता झोप उडवत नाही. झोप उडवतो तो एक असा प्रकार, ज्यात शेवटी कागदावर काहीच घडलं नाही.

मी मूळचा बोदवडकडचा. आमची बोली वेगळी, धुळ्याकडची अहिराणी वेगळी. शिंदखेडा तालुक्यातल्या एका ठाण्याचा प्रभारी म्हणून गेलो तेव्हा पहिले काही महिने फिर्यादी काय सांगतो हे मला शेजारच्या हवालदाराकडून समजून घ्यावं लागे. माणसांची, गावाची आणि शाळेची नावं इथे देत नाही. ती माणसं अजून तिथेच राहतात.

मार्च संपत आला होता. शाळा सकाळच्या झाल्या होत्या आणि दहा वाजताच रस्त्यावर कुत्रं दिसत नव्हतं. मी ठाण्यात येऊन टोपी काढतोय तोच ठाणे अंमलदार आत आले. हे आमचे जुने हवालदार, त्याच भागातले. कधीच घाई न करणारा माणूस, पण त्या दिवशी धावत आले.

"साहेब, फोन आला होता." त्यांनी गावाचं आणि शाळेचं नाव सांगितलं. "माणूस म्हणाला, चौथीना वर्गमा पोऱ्यास्ले बसाडू नका, एखादं पोर मरी जाई. एवढंच. लगेच ठेवला."

"दारू प्यायलेला होता?"

"नाही साहेब. रडत होता असं वाटलं."

खोडसाळ फोन आम्हाला नवे नसतात. परीक्षा चुकवायची असते, सासुरवाडीवर सूड उगवायचा असतो, किंवा उगाच अंगात मस्ती असते. असा माणूस बॉम्ब म्हणतो, वेळ सांगतो, पोलिसांना दोन शिव्या देतो आणि बहुतेक वेळा मागे कुणीतरी हसत असतं. या माणसाने बॉम्बचं नावही घेतलं नव्हतं. अख्खी शाळा सोडून त्याने एकच वर्ग सांगितला होता, आणि तेच मला टोचत राहिलं.

पण शाळेचं नाव आलं की तिथे डोकं चालवायचं नसतं, नियम चालवायचा असतो. स्टेशन डायरीला नोंद घेतली, वरिष्ठांना कळवलं, धुळ्याहून बॉम्बशोधक पथक आणि श्वान मागवलं आणि आम्ही निघालो.

गावात पोचलो तेव्हा मुख्याध्यापक बाईंनी सगळी मुलं निंबाच्या झाडाखाली बसवली होती. चौथीचा वर्ग त्यांच्याकडेच होता. मुलांना मजा वाटत होती, आयांच्या तोंडचं पाणी पळालं होतं. कुंपणाबाहेर अर्धं गाव जमलेलं. वर्गाच्या दाराशी चिमुकल्या चपलांची रांग तशीच पडून होती. वर्गात चप्पल घालायची नाही ही आपल्याकडची जुनी शिस्त. विद्येचं ठिकाण म्हणजे देवाचं ठिकाण. धावपळीत मुलं अनवाणीच बाहेर आली होती.

खोली चारचौघींसारखी होती. सिमेंटचे पत्रे, नुकतीच पुसलेली फरशी, भिंतीवर पाढे. खिडकीच्या गजांना चिकटवून लोखंडी स्टँडवर एक मोठा पत्र्याचा कूलर ठेवला होता. त्यावर लाल ऑइलपेंटने लिहिलं होतं की हा कूलर कैलासवासी अमुक बाईंच्या स्मरणार्थ त्यांच्या यजमानांकडून शाळेस सप्रेम भेट. खानदेशात अशा नावावाचूनची शाळा दाखवा. पंख्यावर कुणाचे आजोबा, पाण्याच्या टाकीवर कुणाची आई, कपाटावर कुणाचा तरुण गेलेला भाऊ. माणूस गेलं की पुण्याईसाठी शाळेला काही द्यायचं, ही रीत चांगलीच आहे. अडचण एवढीच की एकदा नाव पडलं की ती वस्तू मोडो, गंजो, कुणी हलवत नाही. हलवली तर मयताचा अपमान होतो.

पथकाने बाकं उलटी केली, दप्तरं झटकली, फळ्यामागे पाहिलं. श्वान एक मादी होती, मोठी हुशार. ती कूलरपाशी गेली, पत्र्याला नाक लावलं आणि केकाटून मागे उडाली. शेपूट पोटाखाली. पुन्हा जवळ जायला तयार होईना.

खोली रिकामी केली. पथकाच्या माणसाने कूलरची पिन बोर्डातून काढली, जाळ्या उघडल्या, वाळा बाहेर काढला, टाकीत हात घालून चाचपलं. टाकी कोरडी होती. नवीन बसवलेला पंप होता, बाकी काही नाही. श्वानाला पुन्हा आणलं तेव्हा तिने हुंगलं आणि शांत बसली.

हँडलर म्हणाला, "साहेब, वाळ्याच्या उग्र वासाने बिचकली असेल. आता काही नाही म्हणतेय."

मीही हाताने कूलर ढकलून पाहिला. पथकाच्या माणसांनी पिन पुन्हा लावून तो सुरू केला, भोवती फिरून पाहिला, पत्र्यावर थापा मारल्या. पंखा घरघरत होता. वर्ग सुरक्षित असल्याचा पंचनामा झाला.

निघताना मी बाईंना सहज विचारलं, "चौथीची सगळी मुलं आज आली होती?"

"एक मुलगी नव्हती. आबांची नात. तिला ताप आहे म्हणे." त्यांनी कूलरकडे बोट केलं. "ज्यांनी हा कूलर दिला ते आबा. त्यांच्या मंडळी गेल्या. मागच्या उन्हाळ्यात ऊन लागून. आबांनी परवाच स्वतः येऊन पंप बसवून दिला. उद्यापासून टाकी भरायची. मुलांनी पाणी भरण्याच्या पाळ्यासुद्धा लावून घेतल्यात. इतकी खूश आहेत!"

ठाण्यात परतलो तर वरिष्ठांचा निरोप आला होता: खोडसाळ फोन समजून कारवाई करा. विषय तिथे संपायला हवा होता, पण मला चैन पडेना. जेवायला बसलो, दोन घास खाऊन उठलो. ज्याला त्या वर्गाची भीती आहे तो आधी काय करेल? स्वतःचं लेकरू तिथून काढेल. संध्याकाळी साध्या कपड्यांत मोटारसायकलवर त्या गावाकडे निघालो. आबांचं घर कुणाला विचारावं लागलं नाही, गावातलं मोठं घर तेच. ओट्यावर एक मुलगी चिंचोके उडवत बसली होती.

"काय गं, ताप उतरला का?"

"माले काई ताप नही," ती मान वर न करता म्हणाली. "पप्पानी सांगं, आते शाळामा जावानं नही."

दुसऱ्या दिवशी सकाळी तिचा बाप माझ्यासमोर होता.

तोवर हवालदारांनी फोनचा नंबर शोधला होता. शिंदखेड्याच्या स्टँडजवळच्या चहावाल्याचा मोबाइल निघाला. "एक माणूस आला, म्हणाला भाऊ, मोबाइल घरी राहिला, एक फोन लावू द्या," असं चहावाल्याने सांगितलं. त्याला ठाण्याच्या व्हरांड्यात बसवून ठेवलं होतं. आबांचा मुलगा समोरून आत गेला तशी चहावाल्याने मान हलवली.

माणूस चाळिशीचा, बागायतदार घरचा, इस्त्रीचा सदरा. केबिनच्या दाराशी त्याने चप्पल काढली, अनवाणी आत आला आणि खुर्चीच्या कडेवर टेकला. आमच्याकडे अजून खूप लोक साहेबाच्या खोलीत चप्पल काढून येतात. मी कितीदा नको म्हटलं तरी ऐकत नाहीत.

"फोन तुम्हीच केलात. चहावाल्याने ओळखलंय. वर्गात काय ठेवलंय?"

"काहीच नही ठेवं, साहेब. मी कसाले ठेवसू?"

"मग पोर मरेल हे कसं माहीत?"

त्याने वर घड्याळाकडे पाहिलं.

"शाळेशी भांडण आहे? बाईंशी?"

"नही साहेब. बाई देवमाणूस शेत."

"तुमची मुलगी घरी का? ताप नाही तिला. काल मी बोललोय तिच्याशी."

त्याचा चेहरा पांढराफटक पडला. मी आवाज चढवला, टेबलावर हात आपटला, शाळेला धमकी देण्याच्या गुन्ह्यात काय होतं ते सांगितलं. गुन्हेगार चौकशीत दाराकडे पाहतो, हे मी वर्षानुवर्षं पाहिलंय. हा माणूस सारखा भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहत होता. त्याला बाहेर जायचं नव्हतं. त्याला कसली तरी वेळ भरत आलेली दिसत होती.

त्याच्या कपाळावरून घामाच्या धारा लागल्या होत्या. मी वैतागून म्हणालो, "तो कूलर तुमच्याकडे फिरवून घ्या आधी. इथेच चक्कर येऊन पडाल."

माझ्या केबिनमध्येही कूलर होता, चाकाच्या स्टँडवरचा, सरकारी. तो उठला. कूलरपर्यंत गेला, हात पुढे केला आणि थबकला. मग मागे वळून दाराकडे चालू लागला. हवालदार पटकन आडवे झाले, त्यांना वाटलं पळतोय. पण त्याने दाराबाहेर पडलेल्या चपलांमध्ये पाय घातले, चपला घालून परत आत आला आणि कूलर फिरवला.

"अरे, साहेबना केबिनमा चप्पल?" हवालदार खेकसले.

"सवय शे, भाऊ," तो ओशाळून म्हणाला. "घरमा बठ्ठाले, सगळास्ले सांगेल शे. चप्पल घालाबिगर कूलरले हात लावानं नही."

हवालदार आणखी काही बोलणार होते. मी हाताने थांबवलं. डोळ्यासमोर ती श्वान उभी राहिली, नाक लावताच केकाटून मागे उडालेली. काल त्या खोलीत आम्ही सगळे जाड तळव्यांचे बूट घालून होतो. पंच चपला घालून होते, बाई चप्पल घालून होत्या. अनवाणी एकटी तीच होती. पिन काढली तेव्हा ती शांत झाली. आणि रोज त्या खोलीत अनवाणी कोण असतं? दाराबाहेरची चपलांची रांग आठवली आणि मी खुर्चीतून उठलो.

"कूलर?" मी ओरडलो.

तो मटकन खाली बसला. "हा साहेब. आज टाकीमा पानी भरनार शेत."

बाईंना फोन लावला. वाजत राहिला, उचलला नाही. शिकवताना बाई मोबाइल पर्समध्ये आणि पर्स कपाटात ठेवतात, हे नंतर कळलं. चांगली सवय, पण त्या क्षणी मी त्या सवयीला शिव्या घातल्या. पोलीस पाटलाला फोन लावला. तो लग्नाला शिरपूरला, मागे बँड वाजतोय, माझं एक अक्षर त्याला ऐकू जाईना. शेवटी वीज उपकेंद्रात लावला.

"त्या गावचा पुरवठा बंद करा. आत्ता."

"साहेब, परमिट लागतं. लेखी अर्ज..."

"रोज न सांगता घालवता तेव्हा कोणतं परमिट असतं रे? मी पोलीस ठाण्यातून बोलतोय. शाळेतलं पोर कूलरला चिकटणार आहे. बंद कर, मग अर्ज दे, फास दे, काय द्यायचं ते दे."

पलीकडे खुर्ची सरकली. मग खटका पडल्याचा आवाज आणि तो म्हणाला, "घालवली साहेब."

गाडी सुटली. आबांचा मुलगा मागे हवालदारांशेजारी बसला होता. आता त्याचं तोंड उघडलं आणि बंद होईना.

मागच्या मे महिन्यात त्याची आई तुळशीला पाणी घालून आत आली. हात ओले, पाय ओले, अनवाणी. देवाचं काम करताना ती चप्पल कशी घालेल? कूलर लावायला गेली. घरचे धावत आले तेव्हा ती फरशीवर पडलेली होती. त्याच आठवड्यात गावात उन्हाने आणखी काही जण आडवे झाले होते. सगळे म्हणाले ऊन लागलं. संध्याकाळच्या आत अग्नी दिला. शंका कुणाला यावी? पुढे दहावं झाल्यावर हा स्वतः कूलर पुसायला गेला, अनवाणी, आणि झटक्याने भिंतीवर आदळला.

"वायर कोणी जोडली होती?" मी पुढच्या सीटवरून विचारलं.

"आबानी," तो म्हणाला. "कोनले हात लावू देत नहीत. बठ्ठं सोताच करतस. साहेब, आबाले जर कळनं ना, का तेसना हातनी जोडेल वायरमुये माय गयी, तं तो मानूस मरी जाई. म्हनीसन मी कोनलेच सांगं नही."

"आणि कूलर शाळेत जाऊ दिलात?"

"मी घर नव्हतो. आबानी परस्पर दिधा. तिन्या नावनं पोऱ्यास्ले गार वारा भेटी, आसं म्हनेत." तो रडू लागला. "पंप जळेल व्हता, मी म्हन्यो पडी राही कोपरामा. यंदा आबानी नवा बसाडा. मी जाईसन पिन तोडी टाकी, तं दुसरा दिवस आबानी नवी पिन लाई दिधी."

"बाईंना सांगायचं."

"बाई लगेच आबाले फोन करतीस. त्यावर मायनं नाव शे, साहेब."

मला त्याचा रागही आला आणि कीवही आली. बापाला वाचवायला त्याने वर्गभर लेकरं पणाला लावली, आणि स्वतःची तेवढी घरी ठेवली. पण त्याच माणसाने पोलिसांना फोनही केला होता. माणूस एका तुकड्याचा नसतो, हे नोकरीत रोज दिसतं आणि तरी रोज चीड येते.

गावाच्या वेशीवर पिठाची गिरणी आहे. ती बंद होती आणि बाया डबे घेऊन बाहेर बसून वीज मंडळाच्या नावाने बोटं मोडत होत्या. आयुष्यात पहिल्यांदा लाइट गेल्याचा मला आनंद झाला.

मी धावत वर्गाच्या दाराशी गेलो. चपलांची रांग होती. आत बाई वहीने वारा घेत पाढे म्हणवून घेत होत्या. कूलरची टाकी काठोकाठ भरली होती, खाली फरशीवर पाणी सांडलेलं, आणि त्या पाण्यात अनवाणी उभी राहून एक मुलगी हातातला मग पालथा करत होती. मला पाहून ती म्हणाली, "सर, लाइट गयी. चालू करताच गयी."

मी बाईंना सांगितलं, मुलांना बाहेर न्या, कशाला हात लावू देऊ नका. मुलं रांगेने निघाली. त्यांतल्या एकाला मी विचारलं, "या कूलरला हात लावल्यावर तुम्हाला कधी काही झालं का रे?"

"मुंग्या येतस, सर!" चारपाच जण एकदम ओरडले. "आम्ही खेयतस ना. बठ्ठा हात धरतस, मंग पहिला कूलरले हात लावस. बठ्ठास्ले मुंग्या येतस!"

"आज पानी भरं," दुसरा उत्साहाने म्हणाला, "सुट्टीमा आजून मजा येनार व्हती."

बाई दारातल्या पायरीवर बसल्या. हवालदारांनी त्यांना पाणी दिलं.

वायरमन आला. शाळेचा परिसर रिकामा करून, रबरी हातमोजे घालून त्याने पुरवठा सुरू करून तपासलं. कूलरच्या पत्र्याला टेस्टर लावला, दिवा लागला. खिडकीच्या गजांना लावला, तिथेही लागला. आत मोटारीच्या वायरीचा जोड कापडी पट्टीने गुंडाळलेला, तो पत्र्याला टेकलेला. पिन दोन पायांची. शाळेची अर्थिंगची तार भिंतीमागे नुसती लोंबकळत होती, जमिनीत गेलीच नव्हती. वायरमनने मुख्य फ्यूज काढून खिशात टाकला आणि म्हणाला, "कोरड्या फरशीवर मुंग्या येतात साहेब. ओल्यावर मुंग्या येत नाहीत."

तेवढ्यात आबा आले. धोतर, पांढरी टोपी, सत्तरीतही ताठ. मोटारसायकलच्या मागच्या सीटवरून उतरतानाच त्यांचा आवाज चढलेला. "मनी घरवालीना नावना कूलर कोन्ही काढा? कोनी हिंमत व्हयनी?"

मुलगा जीपजवळ उभा होता. त्याने माझ्याकडे हात जोडले. काही बोलू नका, एवढंच त्या हातांत होतं.

आबा तरातरा वर्गाकडे गेले. दाराशी सवयीने चपला काढल्या, एक पाऊल आत टाकलं. कूलरच्या जाळ्या उघड्या पाहून हात लावायला पुढे झाले, आणि थांबले. मागे वळले. चपलांमध्ये पाय घातले. मग त्यांचे पाय जागीच थिजले. ते खाली स्वतःच्या चपलांकडे पाहत राहिले, मग ओल्या फरशीकडे, मग कूलरकडे.

"साहेब," आबांचा आवाज अगदी खाली आला होता. "तिले ऊन लागनं नव्हतं ना?"

मी पोलीस आहे. लोकांना वाईट बातम्या देणं हे माझं कामच होतं. तरी त्या वेळी मी नियमाचा आडोसा घेतला. "आबा, मी तेव्हा नव्हतो. पोस्टमॉर्टेम झालेलं नाही. जे तपासलं नाही ते मी सांगू शकत नाही."

"तुमले सांगता येनार नही," ते म्हणाले. "माले समजनं." मग मुलाकडे वळले. "तुले माहीत व्हतं?"

मुलाने मान हलवली.

"वरीसभर एकलाच घीसन फिरना तू?"

ते मुलाजवळ गेले. त्याच्या खांद्यावर ठेवायला हात उचलला आणि मध्येच थांबून त्या हाताकडेच पाहत राहिले. मुलाने तो हात धरून आपल्या खांद्यावर ठेवला. मी तोंड फिरवून वायरमनशी उगाचच काहीतरी बोलू लागलो, कारण माझेही डोळे भरून आले होते.

फोनचा गुन्हा मी दाखल केला नाही. वरिष्ठांना समक्ष भेटून सगळं सांगितलं, जबाब नोंदवले, धमकी नसून इशारा होता असा अहवाल दिला. साहेबांनी भुवया उंचावल्या, पण सही केली. कूलर भंगारवाल्याला देऊ नका, असं मी बजावलं. त्याने तो दुरुस्त करून दुसऱ्या गावात विकला असता. तो आबांनी स्वतः घणाने फोडला.

पुढे माझ्या हद्दीतल्या शाळा बघायचं मी मनावर घेतलं. शिक्षण खात्याची तपासणी होतेच, पण ती खुर्चीत बसून, चहा घेऊन आणि बूट घालून होते. आम्ही वायरमनला सोबत नेलं आणि आधी मोठ्यांना काही विचारलंच नाही. मुलांना विचारलं, तुमच्या वर्गात कशाला हात लावला की मुंग्या येतात? काय हलतं? काय टोचतं? कशावर चढायला मजा येते? पोरांनी भराभरा दाखवलं. एका ठिकाणी दाराची बिजागरी निघालेली होती आणि मुलं त्या दारावर झोका घेत होती. दुसरीकडे भिंतीला न बांधलेल्या कपाटाच्या फळ्यांची शिडी झाली होती. एका वर्गात फळा एकाच खिळ्यावर होता, आणि फळा डुलला की त्या बाजूचा मुलगा वाकायचा, हा त्यांचा खेळ. गुरुजी म्हणत, आम्हाला माहीतच नव्हतं. खरंच नव्हतं. धोका मुलांनाच आधी कळतो. पण त्याला धोका म्हणतात हे त्यांना माहीत नसतं, म्हणून ती त्याचा खेळ करतात.

निवृत्त झाल्यावरही कुणी शाळेत भाषणाला बोलावलं की मी वर्गाच्या दाराशी बूट काढतो. लोकांना वाटतं साहेब मोठे संस्कारी. मी आत जाऊन खाली बघतो, फरशी ओली आहे का. मग विजेच्या बोर्डाकडे बघतो, मग खिडकीच्या गजांकडे. भाषण त्यानंतर. नजरेतून काही सुटलं का या विचाराने हात शिवशिवत राहतात, ते आजही थांबलेलं नाही.

बदलीनंतर बऱ्याच दिवसांनी त्या गावावरून जाणं झालं. पुन्हा उन्हाळाच होता, शाळा सकाळची. गाडी थांबवून आत गेलो. भिंतीमागे अर्थिंगचा नवा खड्डा केला होता, मीठ-कोळसा घालून, वर सिमेंटची चौकट. आबांनीच करून दिला, बाईंनी सांगितलं. त्यावर कुणाचंही नाव नव्हतं. आमच्याकडच्या उन्हात जमीन वाळते आणि अर्थिंग काम करेनासं होतं, म्हणून खड्ड्यात रोज पाणी घालावं लागतं. ते काम शिपायाकडे द्यायला आबा तयार नव्हते.

मी उभा होतो तेवढ्यात ते आले. वाकले होते, ओळखू येणार नाहीत इतके. हातात तांब्या. मला त्यांनी पाहिलं नाही. खड्ड्याच्या अलीकडे चपला काढल्या, आणि घरच्या तुळशीला घालावं तसं, धार न तुटू देता, सगळं पाणी घातलं.